बोटभर सांधा

सगळे त्यांना केसवाले मिस्त्री म्हणायचे. डोक्यावर औषधालाही केस उरला नव्हता आणि नाव हे! नवखा माणूस त्यांना न्हावीच समजायचा. पण नाव पडलं होतं कामावरून. त्यांनी बसवलेल्या दोन टाइल्समधला सांधा केसाएवढा असायचा, त्यात नखसुद्धा शिरत नसे. कुणी रुंद सांधे ठेवायला सांगितलं की मिस्त्री भडकायचे. "फटीच हव्यात तर भिंत कशाला? पडदा लावा की!"

स्वतःच्या बाथरूमची भिंत तर त्यांनी जीव ओतून केली होती. काचेसारखी गुळगुळीत. पाहुणा आला की आधी बाथरूम दाखवायचे आणि मग चहा विचारायचे.

मग बायकोची नजर गेली. आधी सुईत दोरा जाईना, मग माणसं ओळखू येईनात, आणि शेवटी नुसता उजेड-अंधार तेवढा कळायचा. बाईने तेही निभावलं. चूल सुनेच्या हाती दिली, घरभर हाताने चाचपत फिरायला शिकली. पण एकदा आंघोळ करताना तिची दिशा चुकली. दार कुठे, नळ कुठे, काही कळेना. भिंत धरायला गेली, हात सटकला आणि पडली. कडी आतून, त्यामुळे मुलाला दार फोडावं लागलं. हाड वाचलं हे नशीब. त्या दिवसापासून कडी काढून टाकली आणि आंघोळीला सून सोबत आत जायला लागली.

एके दुपारी बाई नवऱ्याला म्हणाली, "अहो, सूनबाई गुणाची आहे, तिच्याबद्दल एक शब्द नाही. पण जन्मात कुणासमोर उघडी बसले नव्हते मी. आता रोज बसते. मेल्याहून मेल्यासारखं होतं."

बाईने हात पुढे करून हवेतच भिंत चाचपल्यासारखं केलं.

"आणि हात लावू तरी कुठे? सगळीकडे सारखंच लागतं. तुमच्या त्या भिंतीला ना तोंड, ना शेपूट."

हे मात्र मिस्त्रींच्या काळजात घुसलं. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी छिन्नी-हातोडी घेतली आणि ती लाडकी भिंत फोडायला सुरुवात केली. मुलगा धावत आला. "बाबा, चांगली भिंत आहे, काय करताय?"

"चांगली कुणासाठी?" एवढंच ते म्हणाले.

नव्या टाइल्स लहान आणि खरखरीत आणल्या. मध्ये प्लायवूडच्या पट्ट्या ठेवून चांगले बोटभर रुंद सांधे सोडले. दारापासून निघालेला कमरेएवढ्या उंचीचा आडवा सांधा थेट नळापर्यंत जाईल, तिथून उभा सांधा खाली बादलीपाशी उतरेल, असा त्यांचा बेत होता. नेहमीचा प्लंबर डोकावला आणि सवयीने बोलून गेला, "काय हे मिस्त्री! नजर वहिनींची गेली की तुमची?" बोलल्यावर त्याचं त्यालाच कसंतरी झालं. नळाचं काम उरकून तो खालमानेने निघून गेला.

सांधे भरून झाले, वाळले. मिस्त्रींनी बायकोचा हात धरून तिला आत आणलं, तिचं बोट सांध्यावर ठेवलं आणि म्हणाले, "चल आता, एकटी चल."

बाईने दोन पावलं टाकली. बोट घसरलं, टाइलवर गेलं, परत आलं, पुन्हा हरवलं. ती थांबली. "अहो, काही लागत नाही हो."

मिस्त्रींनी स्वतः बोट फिरवलं आणि कपाळावर हात मारून घेतला. जन्माची सवय! सिमेंटचा मसाला काठोकाठ भरून, ओल्या फडक्याने पुसून, सांधा टाइलच्या पातळीला आणून ठेवला होता. हाताने आपलं नेहमीचं काम चोख केलं होतं आणि सगळं मातीत घातलं होतं. फट रुंद होती, पण ती फक्त डोळ्यांना. ज्याला दिसतं त्याच्यासाठीच त्यांनी पुन्हा भिंत बांधली होती, याची त्यांना फार लाज वाटली.

बाई म्हणाली, "राहू द्या. सवय होईल मला त्याचीही."

"नाही होऊ द्यायची," मिस्त्री म्हणाले.

करवतीच्या पात्याचा तुकडा घेऊन ते घट्ट झालेला मसाला खरवडत बसले. थोडं खरवडायचं, डोळे मिटून बोट फिरवायचं, बोट चुकलं की परत खरवडायचं. बोटांची सालं निघाली. सून म्हणाली, "मामंजी, मी करते आईंची आंघोळ, मला कुठे त्रास आहे?" मिस्त्री मान न वळवता म्हणाले, "तुला नाही गं, तिला आहे."

काम झाल्यावर त्यांनी दाराला कडी परत बसवली.

बाई बोट टेकवून निघाली. सावकाश, पण न थांबता. "हा नळ." बोट खाली उतरलं. "ही बादली." मग तशीच मागे फिरून दारापर्यंत आली आणि कडी चाचपली. क्षणभर तिचा हात कडीवरच राहिला.

"तुम्ही दोघं बाहेर व्हा," ती म्हणाली.

कडी लागली. पाणी सुरू झालं. सून दाराला कान लावून उभी राहिली, आणि मिस्त्री तिथेच जमिनीवर बसून लहान मुलासारखे रडायला लागले.

आतला तांब्या थांबला.

"अहो, रडायचं तर बाहेर ओट्यावर जा," बाई आतून म्हणाली. "मला दिसत नाही. ऐकू येतं."