सुपूर्तनाम्यावरची गाडी

कायद्यावर इतकं मनापासून प्रेम करणारा माणूस खुद्द कायद्यानंही दुसरा पाहिला नसेल. सणसरला मी शाळामास्तर होतो तेव्हा ज्यांच्या सोप्यात भाड्यानं राहायचो, ते हे माझे घरमालक. सारं गाव त्यांना आबा म्हणे. 'दिवा लावल्याशिवाय गाडी हाकू नये' अशी पाटी त्यांनी बारामतीत वाचली, आणि तीत रात्रीचा उल्लेख नाही म्हणून भर उन्हात बैलगाडीला पेटता कंदील टांगून ते बाजाराला जाऊ लागले. एकदा बहिणीचं कार्ड आलं. जागा संपल्यानं तिनं शेवटच्या दोन ओळी पत्त्याच्या बाजूला लिहिल्या होत्या. तिथं फक्त पत्ता लिहावा असं सरकारनं छापलेलं, तेव्हा त्या ओळी आबांनी वाचल्या नाहीत, मलाही वाचू दिल्या नाहीत. चार दिवसांनी बहीण मुलाबाळांसह दारात उभी राहिली, तेव्हा त्या ओळींत काय होतं ते कळलं. दारूबंदी आली तशी त्यांनी खोकल्याचा काढासुद्धा आधी पोलीस पाटलांना हुंगायला लावला आणि मगच घेतला.

अशा माणसाची गाडी दारूच्या गुन्ह्यात जप्त झाली. आता सांगून टाकतो, बाटल्या माझ्या होत्या. बारामतीत मित्रांची बैठक होती. सायकलवर दोन बाटल्या नेताना कुणी धरलं तर मास्तराची अब्रू जाईल, म्हणून मी त्या आबांच्या वांग्यांच्या पाटीत गुपचूप खुपसल्या आणि शहाण्यासारखा मागून निघालो. आबांच्या गाडीवर कोण संशय घेणार? जळोचीजवळ शिपायांनी पाट्या उपसल्या. आबा बाटल्यांकडे आणि मी सायकलच्या चाकाकडे बघत राहिलो. चाकात हवा पुरेशी होती, तरी मी खाली बसून पंप मारत होतो.

जामिनावर सुटल्यावर आबांनी पहिलं काम केलं ते म्हणजे गावकीच्या भांड्यांच्या खोलीची किल्ली, आरोपीकडे गावची वस्तू नको म्हणून, पंचांपुढे ठेवली. बापापासून ती त्यांच्या घरात होती आणि तिच्याइतका त्यांचा जीव बैलांवरही नव्हता. गाडीबैल ठाण्याच्या आवारात उभे होते. ते सोडवण्याचा अर्ज मी लिहिला, कारण माझं अक्षर वळणदार! 'अर्जदार निर्व्यसनी आहे' हे वाक्य मी सगळ्यात वळणदार काढलं. गाडीबैलांसाठी जामीनही मीच राहिलो. गाव म्हणालं, मास्तर देवमाणूस.

निकाल लागेपर्यंत कोर्टानं गाडीबैल सुपूर्तनाम्यावर आबांच्या ताब्यात दिले. मागाल तेव्हा, आहे त्या स्थितीत हजर करीन, असं त्यावर आबांनी लिहून दिलं होतं. झालं! पंचनाम्यात 'उजवे चाक करकरते' अशी नोंद होती, म्हणून आबांनी चाकाला वंगण घालणं बंद केलं. एका बैलाचं घुंगरू फुटकं लिहिलेलं, ते बदललं नाही. प्रत्येक तारखेला कुणी न मागता गाडी कोर्टासमोर उभी करायचे. कारकुनानं हात जोडले, तर म्हणाले, साहेबांनी अचानक मागितली तर काय सांगू? सारं गाव हसायचं, मीही हसायचो. पण रोज पहाटे सोप्याबाहेर ते चाक करकरत निघालं की मी पांघरूण डोक्यावर ओढून घ्यायचो. मला माझी लाज वाटायची. दर तारखेला ठरवायचो, आज सांगायचं. दर तारखेला नोकरी आठवायची.

शेवटी आबा सुटले. गाडीही कायमची त्यांची झाली. पंचांनी देवळात बोलावून किल्ली पुढे केली, तर आबांनी हात मागे घेतला. मला विचारलं, "मास्तर, कोर्टानं काय म्हणून सोडलं मला?"

"संशयाचा फायदा देऊन," मी म्हणालो.

"म्हंजी संशय हाय. फायदा दिला, संशय न्हाय नेला." ते पंचांकडे वळले. "त्यो हाय तवर किल्ली माझ्याकडं नगं. मास्तरास्नी द्या."

एका वाक्याचं काम होतं. मी तोंड उघडलं, आणि त्यातून "बरं" एवढंच बाहेर पडलं.

बदली होईपर्यंत, सात वर्षं, ती किल्ली माझ्या कोटाच्या खिशात होती. लग्नकार्याला भांडी मागायला लोक सवयीनं आधी आबांच्याच दारात जात. आबा त्यांना सोप्याकडे बोट दाखवून सांगत, "मास्तरांकडं जावा. बिनसंशयाचा मानूस हाय."