मायच्या सुरातली ढोलकी

आधीच सांगते, मी हायस्कूलवर विज्ञान शिकवते. आमच्या बौद्ध घरात भुताखेतांनी भाडं देतो म्हटलं तरी त्यांना खोली मिळणार नाही. त्यामुळे हे लिहिताना माझंच मला हसू येतंय... पण घडलं ते घडलं.

माहेर साखरा, तालुका सेनगाव. थोरला भाऊ गौतमदादा ढोलकी वाजवायचा. माय भीमगीतं गायची, हा साथीला. पुढे मुंबईच्या कुणीतरी त्याला ऐकलं आणि स्वारी चक्क सिनेमात गेली! तीन सिनेमे केले. एकात तर अख्खं गाणंभर पडद्यावर ढोलकी वाजवलीय त्यानं. आम्ही जीप करून हिंगोलीला बघायला गेलो. लोक शिट्ट्या मारत होते अन् माय मध्येच म्हणाली, "हात माझ्या लेकराचा हाय, पण वाजवून राहिला दुसराच कोणी!"

खरंच होतं. आवाज दुसऱ्या वादकाचा घातला होता. दादा हसून हसून बेजार.

शूटिंगवरून आला की पिशवी ठेवायच्या आधी म्हणायचा, "माय, तू आवाज दे, मंग मी ढोलकीचे नट आवळतो." तिचा सूर ऐकायचा आणि पान्यानं ढोलकी त्या सुरात लावायचा. पेटीची काळी पाच, म्हणजे चांगलीच चढी पट्टी... खणखणीत आवाज होता मायचा.

चौतिसाव्या वर्षी कावीळ अंगावर काढली आणि दादा गेला. माय त्यानंतर गायली नाही. साधं गुणगुणलीसुद्धा नाही. ढोलकी कापडात गुंडाळून कपाटावर गेली, ती दहाएक वर्षं तिथंच. दादा जाताना मायचा आवाजही घेऊन गेला, हे मला फार सलायचं.

मागच्या वर्षी मला मुलगी झाली – खूप वाट बघायला लावून. नामकरण माहेरी होतं. मी हट्टच धरला, पाळणा मायच म्हणणार.

मायचे जुने पेटीवाले साहेबरावकाका आले. त्यांनी सवयीनं काळी पाच धरली. मायनं तोंड उघडलं आणि आवाज फाटला.

"न्हाई जमत, बाई... राहू दे," म्हणत ती उठायला लागली. मला रडूच आलं. काय करावं सुचेना, म्हणून मी कपाटावरची ढोलकी काढून तिच्यापुढं ठेवली.

काकांनी थाप मारली. "लई उतरली की!" पाना लावला, तर नट गंजून बसलेले, एकही हलेना. पुन्हा थाप मारून त्यांनी कान लावला, पेटीवर बोट खाली खाली नेलं आणि काळी तीनवर थांबले. "उतरली, पण सुरात कशी काय? वहिनी, ह्याच्यावर म्हणून बघा बरं."

ठेका मी धरला, दादानं शिकवलेला तेवढाच येतो. आणि माय गायली! पूर्ण पाळणा. आवाज जाडसर झाला होता, पण ढोलकीच्या सुरात असा बसला की बायांनी डोळ्याला पदर लावले.

शेवटी काका हळूच म्हणाले, "ही कोणाच्या आवाजावर लावली?"

चामडं सैल पडतं, कळतं मला. पण सैल चामडं भद्द वाजतं. ते नेमकं मायच्या आताच्या सुरावर कसं थांबलं, जो सूर तिचा तिलाच माहीत नव्हता? योगायोग म्हणून बघितलं... मन मानत नाही.

परवा त्या नटांना तेल सोडायला गेले, तर माय ओरडलीच.

"हात लावू नको त्याला! माझा आवाज आणखी उतरला, की तो बघून घेईल."