हिरेमठ सरांचं दोन मिनिटांचं भाषण

हिरेमठ सर गेल्याचं मला विडी कारखान्याच्या रांगेत कळलं. दुधनीचे एक आडते कामानिमित्त सोलापूरला आले होते. त्यांनी भवानी पेठेत आमचं घर शोधलं, आणि मी घरी नाही म्हटल्यावर थेट कारखान्यावर आले. टोपी काढून म्हणाले, "बाई, तुमचे सर गेले की. मंगळवारी. माती पण झाली." म्हणजे तीन दिवस उलटून गेले होते... रांगेतल्या बायकांनी मला पायरीवर बसवलं, पाणी दिलं. त्या माझ्या रडण्याची वाट बघत होत्या. मला रडू आलं नाही, राग आला. मनात पहिलं काय आलं असेल, तर सर गेले, आणि तो माणूस अजून आहे.

तो माणूस म्हणजे आमच्या कॉलेजचे तेव्हाचे उपप्राचार्य. त्यांचं नाव मी लिहिणार नाही. भीतीनं नव्हे. सोलापुरात त्यांची व्याख्यानं अजून होतात, आणि ही पुरवणी ते रविवारी चहाबरोबर वाचतात हे मला ठाऊक आहे. त्यांना कळेल, तेवढं पुरे. त्यांच्या नावावर या पानातली जागा खर्च करायची माझी तयारी नाही. हे पान सरांचं आहे.

मी कॉलेजात गेले तेव्हा आमच्या गल्लीतली कॉलेजात जाणारी मी पहिली मुलगी. घरात तेलुगू. नान्ना, म्हणजे माझे वडील, हातमागावर लुगडी विणायचे आणि अम्मा विड्या वळायची. मीही सकाळी पाचशे विड्या वळून मग वह्या उचलायची. वर्गात मी तोंड उघडायची नाही, कारण उघडलं की पोरं हसायची. असं हसू ज्यांच्या वाट्याला यायचं असे आणखी एकच जण त्या कॉलेजात होते, ते म्हणजे तर्कशास्त्र शिकवणारे वीरभद्र हिरेमठ सर. सर दुधनीचे, घरची भाषा कानडी. मराठीत लिंगाचा घोळ कायमचा. 'माझा टोपी', 'ती फळा'. स्टाफरूममध्ये उपप्राचार्य त्यांची हुबेहूब नक्कल करायचे आणि सगळे पोट धरून हसायचे, सरही हसायचे. तेव्हा मला वाटायचं, सरांना राग येतच नाही.

सरांनी आम्हाला बोलण्याच्या तीन जाती शिकवल्या. दोघं मिळून खरं काय ते शोधतात तो वाद. जिंकायचंच म्हणून बोलायचं तो जल्प. आणि स्वतःचं काहीच मांडायचं नाही, समोरच्याचं तेवढं पाडायचं, ती वितंडा. "वितंडा करणारा माणूस लई सोपा दिसतो," सर म्हणायचे, "कारण त्याला घर बांधायचं नसतंय. नुसतं दगड मारायचं असतंय." एकदा त्यांनी वर्गात विचारलं, धूर दिसला की विस्तव आहे असं म्हणायला आधार काय? मी कशी कोण जाणे उठले आणि म्हणाले, सर, आमच्या घरात तंबाखूची धूळ उडते, लांबून धुरासारखी दिसते, म्हणून आधी धूरच आहे का ते बघायला पाहिजे. पोरं हसली. सर हसले नाहीत. त्यांनी माझं वाक्य फळ्यावर लिहिलं, खाली रेघ ओढली आणि म्हणाले, "पद्मव्वा, उद्यापासून कॉलेज सुटल्यावर अर्धा तास थांबायचं. तुला बोलायला शिकवतो."

तो अर्धा तास दोन वर्षं चालला. वर्गाचं दार सताड उघडं, दाराशी स्टुलावर शिपाई मामा बसलेले. सर शेवटच्या बाकावर जाऊन बसायचे आणि मला फळ्यापाशी उभं करायचे. आवाज तिथवर पोचला नाही तर हात वर करायचे. पाठांतर चालायचं नाही. कागद हातात दिसला की काढून घ्यायचे. माझ्या मराठीला तेलुगूचा वास, त्यांच्या मराठीला कानडीचा, आणि आम्ही दोघं मिळून तिथं मराठीत भांडायचो... माझ्या आयुष्यातला तो सगळ्यात सुखाचा काळ होता, हे मला तेव्हाच कळत होतं.

बहात्तरच्या दुष्काळाच्या आदल्या वर्षी पुण्याच्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेसाठी कॉलेजात निवड झाली. विषय होता, यंत्रमागानं विणकर सुखी झाला काय. मी बोलले ते नान्नांच्या पाठीबद्दल, मागाच्या खड्ड्यात लोंबकळणाऱ्या पायांबद्दल, आणि यंत्रमाग आल्यावर त्याच पायांना काम नाही याबद्दल. बोलून झाल्यावर हॉलमध्ये टाळ्या सुरू झाल्या त्या थांबेनात. परीक्षक म्हणून उपप्राचार्य बसले होते. स्पर्धकांत त्यांचा पुतण्याही होता, हे आम्हाला नंतर कळलं. ते उठले, टाळ्या थांबेपर्यंत शांत उभे राहिले. आवाज मधासारखा. म्हणाले, "भाषण उत्तम. आता ही भाषा विड्या वळणाऱ्या घरात कुठून आली, असं कुणाच्या मनात येईल. हिरेमठ सर या मुलीला कॉलेज सुटल्यावर रोज थांबवून घेतात, असं ऐकतो. मी काही म्हणत नाही. मी फक्त विचारतो."

एवढंच ते बोलले आणि खाली बसले. मागच्या रांगेतून कुणीतरी शिट्टी वाजवली.

सर उभे राहिले. रागानं त्यांचं मराठी सगळं विस्कटलं. "हा खोटी हाय! तिचा भाषण तिचीच हाय!" असं काहीसं ते ओरडले, आणि हॉल हसून कोसळला. त्या हसण्याचा आवाज मला आजही ऐकू येतो. आरोप केला असता तर तो खोडता आला असता. प्रश्नाला काय खोडणार? शिपाई मामा रोज दाराशी असत, पण त्यांना विचारायला कोण जाणार होतं? पुण्याला पुतण्या गेला. संध्याकाळपर्यंत शिट्टी आमच्या गल्लीत पोचली होती. नान्नांनी मला मारलं नाही, काही विचारलंही नाही. वह्या माळ्यावर टाकल्या आणि अम्माला म्हणाले, उद्यापासून हिला विड्यांचं सूप दे. दोन दिवसांनी सर आमच्या दाराशी आले. नान्ना दारात आडवे उभे राहिले. मी आतून पाहत होते... सर हात जोडून काही सांगत होते, आणि नान्नांनी त्यांच्या तोंडावर दार लावलं. मांडीवरच्या सुपात तंबाखू, पानं, दोरा. त्या दिवशी मी विड्या इतक्या घट्ट वळल्या की कारखान्यात निम्म्या नापास म्हणून काढून टाकल्या.

पुढं सहा वर्षं सरांनी कॉलेजात मान खाली घालून तास घेतले. वक्तृत्व मंडळ त्यांच्याकडून काढून घेतलं होतं. मला मात्र दर महिन्याला त्यांची टिपणं मिळत. त्यांच्या पत्नी, नीलाक्का, बाजाराला आल्यासारख्या येऊन भाजीच्या पिशवीतून ती अम्माच्या हातात देत. अम्मानं नान्नांना कधी कळू दिलं नाही. मी बाहेरून परीक्षा दिली, बी. ए. झाले. कारखान्यात बायकांच्या विड्या उगाच काढून टाकायला लागले, तेव्हा एक दिवस मी मॅनेजरसमोर उभी राहून बोलले, आणि मग बायका मलाच पुढं करायला लागल्या. आज तेच माझं काम आहे. शेवटच्या बाकापर्यंत आवाज कसा पोचवायचा, हे मला कुणाला विचारावं लागलं नाही.

मग उपप्राचार्य निवृत्त झाले. सत्काराचं आमंत्रण सरांनी मला पाठवलं, कोपऱ्यात बारीक अक्षरात लिहिलं होतं, 'वडिलांना घेऊन ये.' नान्ना यायला तयार नव्हते. मी म्हटलं, नान्ना, आयुष्यात एकच गोष्ट मागते. ते आले. हॉल तोच. आम्ही मागं बसलो. हार झाले, शाल झाली, पाच जणांनी त्यांच्या वाणीचं कौतुक केलं. शेवटी ज्येष्ठ प्राध्यापक म्हणून सरांना दोन मिनिटं मिळाली. सर सावकाश माईकपाशी गेले. हातात कागद नव्हता.

"सगळ्यांनी उपप्राचार्य सरांची भाषणं सांगितली," ते म्हणाले. "पण त्यांचं सगळ्यात मोठं भाषण कुणी सांगितलं नाही. ते दोन वाक्यांचं होतं, याच हॉलमध्ये झालं." लोक कौतुकानं हसले. सत्कारमूर्तीही हसले. "आम्ही तर्कशास्त्राचे मास्तर. आम्हाला साधी गोष्ट सिद्ध करायची तर कारण लागतं, उदाहरण लागतं. सरांना काही लागलं नाही. ते म्हणाले, मी काही म्हणत नाही, मी फक्त विचारतो. बास! तेवढ्यात एका हुशार मुलीचं कॉलेज संपलं. पुरावा नको, साक्षीदार नको, आरोपसुद्धा नको. एवढ्या कमी शब्दांत एवढं मोठं काम करणारा वक्ता मी पाहिला नाही." आता कुणी हसत नव्हतं. सरांनी माईकची दांडी हळूच सत्कारमूर्तींच्या खुर्चीकडं वळवली. "माझा एकच विनंती. त्या दिवशी सरांकडं कुठला पुरावा होता, ते आज सांगावं. आम्हाला शिकता येईल. मी काही म्हणत नाही... मी फक्त विचारतो."

'माझा विनंती' म्हणाले होते. एकही जण हसला नाही.

मी उभी राहिले. कुणी सांगितलं नव्हतं, पाय आपोआप उठले. माना वळल्या, लोकांनी मला ओळखलं. उपप्राचार्य उठले. खिशातून उत्तराच्या भाषणाचा कागद काढला, पाहिला, परत ठेवला. तोंड उघडलं. ज्या तोंडातून चाळीस वर्षं मध गळत होता, त्यातून "मला..." एवढंच बाहेर पडलं. सरांनीच शिकवलं होतं, उत्तर न सुचणं हीसुद्धा हार असते, आणि ती हार सगळ्यांच्या डोळ्यांदेखत होते. ते खाली बसले. कुणीतरी घाईघाईनं आभार मानायला उठलं. ते दृश्य मी मनात कितीदा उलटंसुलटं करून पाहिलं आहे म्हणून सांगू! अर्धवट राहिलेला तो 'मला', खिशात परत गेलेला कागद, गळ्यातला वाकडा झालेला हार... दरवेळी मला तितकंच गोड लागतं.

बाहेर आल्यावर नान्ना सरांसमोर उभे राहिले. त्यांना मराठी बोलायची सवय नव्हती. त्यांनी सरांचा हात धरला आणि म्हणाले, "सर, घरी चला. चा घ्या." त्या दाराच्या आत सर पहिल्यांदाच आले. अम्मानं पितळी पेल्यात चहा दिला. मी म्हटलं, "सर, जिंकलो आपण." सर पेल्यात बघत म्हणाले, "न्हाय पद्मव्वा. मी पण दगडच मारला की. सहा वर्षं रोज घासून ठेवलेला." मी म्हटलं, लागला ना? ते म्हणाले, "लागला. म्हणून तर वाईट वाटतंय." आमचा हा वाद मग मिटलाच नाही. वर्षभरात नोकरी सोडून सर दुधनीला गेले. मी जेव्हा जेव्हा भेटायला जाई, तेव्हा तो पुन्हा निघे. ते म्हणत, त्या माणसाला एकदा भेटून ये. मी म्हणे, मेले तरी जाणार नाही. शेवटच्या भेटीत सरांना खोकल्यानं बोलवत नव्हतं, तरी मी 'जिंकलोच आपण' म्हणताच त्यांनी बोट वर करून मला अडवलं आणि नाही म्हणून मान हलवली. मीही मान हलवली. सर, तुमचं चुकलंच.

आडत्याकडून कळलं त्याच आठवड्यात मी दुधनीला गेले. नीलाक्का भिंतीला टेकून बसल्या होत्या. मी पायांना हात लावला, तशा म्हणाल्या, "बाहेरच्या खोलीत बस. आज बाजार, लोक येतील." मला कळेना, कोण लोक. मग हळूहळू लोक यायला लागले. बांधावरून भांडण झालेले, मुलीला सासरी त्रास असलेले, कुणी कानडी, कुणी मराठी. सर त्यांचे अर्ज लिहून द्यायचे, आणि लिहायच्या आधी प्रत्येकाला एकच काम सांगायचे, की समोरच्याची बाजू आधी तूच सांग, ती नीट सांगता आली तरच मी तुझी लिहीन. निम्मे लोक ती सांगता सांगता उठून घरी जायचे, असं नीलाक्का म्हणाल्या. सर गेल्याचं माहीत असूनही लोक येत होते. गुपचूप चटईवर बसत, थोडा वेळ थांबत, नमस्कार करून निघून जात.

एक बाई मात्र उठली नाही. तिच्या दंडावर काळंनिळं होतं. तिनं मला विचारलं, "तुमी सरांच्या कोण?" मी म्हटलं, विद्यार्थिनी. "मग लिवा की माजा अर्ज. दिरानं मारलंय." आणि तिनं मोठा श्वास घेतला. सरांची सवय तिला ठाऊक असावी, कारण ती कष्टानं सुरुवात करायला लागली, "दिराचं म्हननं असं हाय की..."

मी तिला तिथंच थांबवलं. सरांच्या मेजावरचा कोरा कागद पुढं ओढला आणि म्हटलं, "त्याचं राहू द्या, बाई. तुमचं सांगा."