सिनेमातली बाई आणि कॅसेट

मिनिसोटातल्या त्या हिवाळ्यात आमच्याकडे व्हिडिओ आला. तेवीस वर्षांची मी, अकलेने सात. दुकानातून भाड्याने आणलेला पहिलाच सिनेमा भुताचा निघाला. वर ‘ब्रिटिश’ लिहिलेलं पाहून मी तो उचलला होता; ब्रिटिश म्हणजे सभ्य, अशी माझी शाळेपासूनची समजूत!

स्वस्तातला सिनेमा होता. एक घर, एक जिना, एक नवरा-बायको. बाईला माळ्यावर पावलं ऐकू येतात, नवरा शांतपणे सांगतो, वर कोणी नाही. भूत शेवटपर्यंत दिसत नाही. बाई तेवढी रडत राहते.

तेव्हा आम्ही नागपूरला माझ्या आईला पत्रांऐवजी आवाजाच्या कॅसेट पाठवायचो. दोन महिन्यांपूर्वी माझं बाळ पोटातच गेलं होतं. घरी काही कळवायचं नाही, इतक्या लांबून त्या काय करणार, असं नवऱ्याने ठरवलं आणि मी मान डोलावली. त्यानंतरच्या दोन्ही कॅसेटमध्ये मी बर्फाचं आणि सुपरमार्केटचं कौतुक भरून पाठवलं. काय ती अभिनेत्री!

सिनेमा संपत आला तेव्हा मला हुक्की आली. आईला आमच्या व्हिडिओचा आवाज ऐकवू, म्हणून टीव्हीसमोर रेकॉर्डर लावला. सिनेमा संपला. रेकॉर्डर बंद करायचं मी विसरले. बाजू संपून बटण खट्कन वर आलं, तेव्हा कॅसेट काढली आणि पुन्हा न ऐकताच दुसऱ्या दिवशी पोस्टात टाकली. शहाणीच ती.

तीन आठवड्यांनी सकाळी फोन वाजला. आई शेजाऱ्यांकडून बोलत होती. कॅसेटमध्ये कोण रडतंय, असं तिने विचारलं. मी हसून सांगितलं, अगं, सिनेमातली इंग्रज बाई.

“ती थांबली, मग वाजंत्री वाजली,” आई म्हणाली. “त्यानंतरचं विचारतेय. इंग्रज बाई ‘आई गं’ म्हणून रडते होय?”

नवरा दारात टाय बांधत उभा होता, मानेने नको नको म्हणत होता.

“बाळ गेलं, आई.”

खरखरीतून आईचा आवाज आला.

“कितवा महिना होता?”

“पाचवा.”

तेवढ्यात लाइन तुटली. नवरा म्हणाला, “झालं. आता त्या तिकडे रडत बसतील.”

“रडू दे,” मी म्हटलं. “इथे मी एकटीच रडत होते.”