चौथी फेरी राहिली होती

सदाशिव, माझा धाकटा भाऊ, चहाच्या सुट्टीत गेला. सणसवाडीच्या कंपनीत, हातात कप घेऊन, उभ्या उभ्या. सुपरवायझरचा फोन आला तेव्हा मी खुटबावच्या अंगणवाडीत पोरांना खिचडी वाढत होते. ताई, अटॅक आला, दवाखान्यात न्यायच्या आत संपलं, एवढंच तो म्हणाला... दुपारपर्यंत दारात माणसं जमली, तर ज्याच्या त्याच्या तोंडी एकच, गाडीनंच घात केला. अहो, चहाच्या रांगेत गाडी आली कुठून? पण माणूस गेला की खापर फोडायला लोकांना त्याचं वेड बरं सापडतं.

वेड म्हणजे मातीवरच्या मोटरसायकल शर्यतीचं. कंपनीत मशीन बसवायला आलेल्या एका इंग्रज साहेबानं त्याला फोनवर तिकडची शर्यत दाखवली. गोल मैदान, चार फेऱ्या, गाडीला ब्रेक नाही आणि वळण कायम डावीकडं. डावा पाय मातीत घाशीत गाडी आडवी घालायची. झालं! आठ दिवसांत पठ्ठ्यानं जुन्या गाडीचे ब्रेक काढले. नांगराचं मोडकं पातं वेल्डरकडून ठोकून घेऊन डाव्या बुटाखाली बसवलं. त्याचं बघून आणखी पाच-सहा जण निघाले, आणि शिरूर-दौंडाकडच्या माळांवर पंधरा वर्षं ह्यांच्या शर्यती झाल्या. मी वळणावर उभी राहून फेऱ्या मोजायची. त्या धुरळ्यात कोण कुठं आहे ते दुसऱ्या कुणाला ओळखू यायचं नाही.

आमची आई मेंढरांमागं रानोमाळ हिंडलेली, लांडग्यालासुद्धा न भिणारी बाई. पण हे तिला सोसेना. "उलट्या फेऱ्या मसणात घालत्यात रं," म्हणायची. हा हसायचा. आई, उलटी असू दे न्हाईतर सुलटी, धुरळा तेवढाच उडतोय, म्हणायचा. ती एकदाही बघायला न येता गेली. आमच्यातलं दुसरंही कुणी कधी आलं नाही. त्याला ते लागायचं, मला माहीत आहे.

गेल्या वर्षी निमोण्याच्या माळावर तो सगळ्यांच्या पुढं होता. तिसरी फेरी संपता संपता पडला आणि डावा पाय दोन जागी मोडला. दवाखान्यात पाहुणे म्हणाले, बरं झालं, आता तरी शहाणा होईल. ते गेल्यावर हा छताकडं बघत म्हणाला, "आक्का, चौथी राहिली."

"मारशील की," मी म्हटलं. "आधी हाड तर जुळू दे."

तूच त्याला चढवलंस, असं आता मला सुनावतात. हो, चढवलं. पुन्हा चढवीन! पायात सळई घेऊन तो उभा राहिला, गाडी तयार केली. पंधरा दिवसांवर शर्यत होती... आणि असा गेला.

आमच्याकडं बाया मसणात जात नाहीत. मी गेले. मडकं चुलतभाऊ धरणार होता. मी म्हटलं, मी धरते. आमचे चुलते, आप्पा, आडवे आले. बाईमाणूस मडकं धरत न्हाई, म्हणाले.

"आप्पा, त्याच्या फेऱ्या आजवर मी मोजल्यात. ह्या दुसऱ्या कुणाला मोजू देणार न्हाई."

शेवटी चुलतभावानंच मडकं माझ्या खांद्यावर ठेवलं. चिता डाव्या हाताला ठेवून मी निघाले. आई म्हणायची तशाच, उलट्या. एक झाली, दोन झाल्या, तीन झाल्या. टाका मडकं मागं, कुणीतरी म्हणालं. मी चालतच राहिले. मडक्यातलं पाणी संपत आलं होतं, पाठीवर थेंब थेंब गळत होतं.

"तीनच असत्यात गं पोरी," आप्पा म्हणाले.

"ह्याच्या चार असत्यात," मी म्हटलं, आणि पुरी करूनच मडकं सोडलं.

गेलेल्या माणसाचं पायताण घरात ठेवू नये म्हणतात. दोन महिने झाले, मी ठेवलंय. दाराशीच, एकटा डावा बूट. परवा आप्पा आले. बाहेर टाक म्हणून सांगायलाच आले असणार. बूट उचलून त्यांनी उलटा केला, पात्यावरनं अंगठा फिरवला. ते घासून घासून पत्र्यासारखं पातळ झालंय.

"एवढं लोखंड झिजवलं व्हय ह्यानं?" म्हणाले. मग खाली वाकून बूट होता तिथंच, नीट सरळ करून ठेवला.