कोट घालून बातम्या पाहणारे काका

सरकारला जाब विचारावा तर तो आमच्या खालच्या मजल्यावरच्या काकांनीच. फरक इतकाच की ते तो टीव्हीला विचारत. बागबाजारच्या बंगाली वस्तीतल्या आमच्या गल्लीत टीव्ही होता फक्त त्यांच्याकडे. संध्याकाळच्या बातम्यांना ते कोट घालून बसत. "तो माणूस कोट घालून आपल्या घरी येतो, आणि आपण बनियनवर?" निवेदकाने नमस्कार केला की उठून उलट नमस्कार. मंत्री दिसला की मात्र आवाज बंद करून भाषण स्वतःच ठोकत, "दोषींची गय केली जाणार नाही! चौकशी समिती नेमली आहे!" मग आवाज वाढवत, आणि मंत्री नेमकं तेच म्हणत असे.

मी तेव्हा पत्रकं लिहायचो. चिडून म्हणायचो, "काका, हसता काय? रस्त्यावर उतरा!"

"तू लिही, मी शुद्धलेखन तपासतो. आणि एका पानात अकरा वेळा 'क्रांती' नको."

एकदा उत्तरेतल्या एका स्टेशनवर अतिरेक्यांनी बॉम्ब फोडला. त्याच वाटेने काकांची लेक शुभा माहेरी यायला निघाली होती. ट्रंक कॉल लागेना. काकू देवापुढून उठेनात. दुसऱ्या संध्याकाळी पडद्यावर इस्पितळ आलं. मंत्री जखमींची विचारपूस करत होता. काका काचेला नाक लावून उभे. मंत्र्याच्या अंगाआड मागच्या खाटा दिसत नव्हत्या.

"जरा बाजूला व्हा हो, साहेब," काका अक्षरशः विनवत होते.

"ओ दादा, बोशुन ना!" शेजारच्या बंगाली मास्तरांनी त्यांना हाताला धरून बसवलं.

सकाळी तार आली. शुभाची ती गाडीच चुकली होती. पोरगी सुखरूप होती. काकूंनी गल्लीभर शिरा वाटला. त्याच संध्याकाळी मंत्र्याच्या राजीनाम्याची बातमी आली. आम्ही टाळ्या पिटल्या; माझ्या खिशात त्याच मागणीचं ताजं पत्रक होतं. काका मात्र पुन्हा पडद्याला चिकटलेले.

"आता कुणाला शोधताय?"

"काल कोपऱ्यातल्या खाटेवर एक मुलगी होती रे. तिच्यापाशी कुणीच नव्हतं."

मी त्यांच्याशेजारी जाऊन उभा राहिलो. इस्पितळ क्षणभर दिसलं आणि गेलं.

"आले असतील तिचे आईवडील," मी म्हणालो. मला काहीच ठाऊक नव्हतं. पुराव्याशिवाय असलं वाक्य मी पत्रकात कधी लिहिलं नसतं.

"असतील, असतील," म्हणत काका खुर्चीत टेकले. काकूंनी उरलेला शिरा आम्हा दोघांपुढे ठेवला.