लिंबू-मिरचीवाली हिरवी गाडी

जपानमध्ये आल्यापासून मी एकच गाडी पळवली आहे, आणि तीही भर दुपारी, हेल्मेट घालून, शंभरेक लोकांच्या देखत.

त्याचं असं झालं. फुनाबोरीला आमच्या इमारतीत तळमजल्यावर कोबायाशी-सान राहतात. वय सत्तरीपुढे, बोलणं हळू, आणि पार्किंगमध्ये कापडाखाली झाकलेली हिरवी, बिनटपाची, दोनच माणसांची इंग्लिश स्पोर्ट्स कार. गाडी माझ्यापेक्षा वयाने मोठी, त्यामुळे मनातल्या मनात मी तिला अहो-जाहो करते. दरवर्षी पानं लाल व्हायला लागली की चिबातल्या एका छोट्या ट्रॅकवर असल्या जुन्या इंग्लिश गाड्यांची हौशी शर्यत होते. तिथे कोबायाशी-सान आणि त्यांचे शाळासोबती एंदो-सान कित्येक वर्षं एकमेकांशी लढतायत. आणि कित्येक वर्षं एंदो-सानच पुढे राहतायत.

गेल्या वर्षी कोबायाशी-सानांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. क्लच दाबता येईना. इमारतीतल्या तरुण मंडळींना विचारलं, तर सगळ्यांचं लायसन्स फक्त ऑटोमॅटिकचं! माझ्या नवऱ्याचं, मंदारचंसुद्धा. ("इथे सगळे तेच घेतात," असं तो सांगतो. गिअरच्या परीक्षेत त्याची गाडी चढावरून मागे मागे परीक्षकांच्या ऑफिसपर्यंत गेली होती, हे सांगत नाही.)

"माझं गिअरचं आहे," मी म्हणाले.

लिफ्टसमोरच्या सगळ्या माना माझ्याकडे वळल्या.

"सायली, ती रेस आहे," मंदार मराठीत पुटपुटला. "भाजी आणायला नाही चाललीस."

"भाजी आणायला मी सायकलने जाते. गाडी मी साताऱ्यात शिकलेय. बाबांची गाडी उतारावर सोडल्याशिवाय सुरू व्हायची नाही आणि देवाचं नाव घेतल्याशिवाय थांबायची नाही!"

"तुला जमणार नाही."

बस्स! हे तीन शब्द ऐकून मी आजवर स्कूबा डायव्हिंग, जपानीची परीक्षा आणि उकडीचे मोदक एवढ्या गोष्टी केल्या आहेत. (मोदक सोडून सगळं जमलं.) मी कोबायाशी-सानांना तिथल्या तिथे शब्द दिला. ते एवढे वाकले की काठी हातातून सुटली.

ठाण्याहून आमच्याकडे राहायला आलेल्या सासूबाई माझ्याच बाजूने होत्या. "जा गं तू! इंग्रजांच्या गाड्या ना? चांगल्या दामट! दीडशे वर्षं त्यांनी आपल्याला पळवलं." शर्यतीच्या दिवशी त्यांनी पर्समधून लिंबू-मिरची काढली. कोबायाशी-सानांनी अत्यंत आदराने विचारलं, की हे खायचं असतं का.

ट्रॅकवर पोचल्यावर एक गोष्ट लक्षात आली. आमच्या पार्किंगमध्ये ती एकमेव हिरवी गाडी होती. इथे निम्म्या गाड्या हिरव्या!

"आई, ती आपली. ती हिरवी," हेल्मेट आणायला धावता धावता मी बोट दाखवलं.

परत येते तोवर सासूबाई विजयी मुद्रेने उभ्या. "बांधली गं!"

मला हायसं वाटलं. नंबर विसरला तरी लिंबू-मिरची दिसणारच.

शर्यत सुरू करण्याची पद्धत जुन्या काळची. एका बाजूला गाड्या ओळीने उभ्या, समोरच्या बाजूला चालक. झेंडा पडला की पळत जायचं, गाडीत बसायचं आणि सुटायचं. झेंडा पडला. मी लिंबू-मिरचीवर नजर रोखून अशी धावले, की तशी शाळेतसुद्धा कधी धावले नव्हते. पट्टा बांधते तोच एंदो-सान धापा टाकत शेजारी आले आणि वाकून म्हणाले, "सुमिमासेन..." म्हणजे, माफ करा.

किती खिलाडू वृत्ती! मीही हेल्मेटसकट वाकले आणि निघाले.

सीट जरा पुढे वाटली. कोबायाशी-सानांनी माझ्यासाठी ओढून ठेवली असेल. काय विचारी माणूस!

थोड्या वेळाने एक हिरवी गाडी मागून आली आणि जराशी पुढे गेली. आत एंदो-सान. मला पाहताच ते माझ्या गाडीकडे आणि मग स्वतःच्या छातीकडे जोरजोरात बोट दाखवायला लागले. दमदाटी करतात काय? साताऱ्याच्या मुलीला? मी दाबला ॲक्सिलरेटर. गिअर टाकताना मिक्सरमध्ये चमचा राहिल्यासारखा आवाज आला, पण म्हटलं, जुनं माणूस आहे, कुरकुरणारच.

कुंपणापाशी मंदारने दोन्ही हातांची भलीमोठी फुली केली होती. (याचं अजून "जमणार नाही" चालूच!) आमची लेक इरा जपानीत किंचाळत होती, "याबाई! याबाई!" म्हणजे, भलतंच झालंय. सासूबाईंना ते मराठी वाटलं. त्याही तिच्या सुरात ओरडायला लागल्या, "या बाई, या!" एवढं प्रोत्साहन मला लग्नातसुद्धा मिळालं नव्हतं.

शेवटच्या वळणावर मी एंदो-सानांना मागे टाकलं आणि रेषा ओलांडली! गाडी खोकली, धूर सोडला आणि गप्प झाली. मी सीटवर उभी राहून दोन्ही हात उंचावले. टाळी एकही वाजली नाही.

कोबायाशी-सान काठी टेकत आले.

"हरवलं त्यांना!" मी ओरडले.

त्यांनी बोटाने गाडीचा नंबर दाखवला. "हो," ते म्हणाले, "पण एंदोच्याच गाडीने."

लाउडस्पीकरवर निकाल आला. निकाल गाड्यांचा असतो, माणसांचा नाही. म्हणजे यंदाही एंदो-सानच पुढे! माझ्यामागून आली ती कोबायाशी-सानांची गाडी. तीच एक रिकामी उरली होती म्हणून एंदो-सान बिचारे तिच्यात बसले होते!

"मला काय ठाऊक?" सासूबाई म्हणाल्या. "हिरवी म्हणालीस, हिरवीला बांधली!"

मी कंबर दुखेपर्यंत वाकून एंदो-सानांची माफी मागितली. पण चुकीच्या गाडीत बसल्याची. ओव्हरटेकची मागितली नाही आणि मागणारही नाही! त्यांची गाडी ट्रकवर चढवली जात होती, तरी ते "काही नाही, काही नाही" म्हणत होते.

"तरी म्हणत होतो," परतताना मंदारने सुरुवात केली.

"काय म्हणत होतास? जमणार नाही. जमलं की! गाडी कुणाची हा वेगळा मुद्दा आहे."

आठवड्याभराने कोबायाशी-सान मिठाईचा खोका घेऊन दारात. चेहरा उजळलेला.

"एंदोचा गिअरबॉक्स पूर्ण उघडलाय," ते म्हणाले. "वसंतात होईल नीट. तोवर माझा गुडघाही बरा होईल, पुढच्या शर्यतीत माझी गाडी मीच चालवीन. तुम्हाला एकच विनंती आहे."

"बोला ना."

ते खोल वाकले. "पुढच्या वर्षीही एंदोचीच गाडी चालवा."

मी ताठ मानेने होकार दिला. माझ्या ड्रायव्हिंगवर एवढा विश्वास आजवर कुणी दाखवला नव्हता!